योनेच्या पिंपातलं विरजण

शोवा ३१ (१९५६), ६ जुलै, शुक्रवार

योने बोलली! तीन वर्षांनी!

सकाळी गल्लीतल्या हातपंपावर भांडी घासत होते. मागून आवाज आला— "हात्सु, जरा आत ये." मी घासतच राहिले. पुन्हा— "अगं, ये म्हणते ना." तिच्या न् माझ्या खोलीत एका फळीची भिंत. ती शिंकली तर मला कळतं, मी कूस बदलली तर तिला. पण तीन वर्षं शब्द नाही. आणि आज एकदम 'अगं'!

गेले. नाही गेले असते तर चार बायकांनी पाहिलंच होतं.

चेहरा पांढराफटक पडलाय तिचा. पोटात जखम झालीय, सोमवारी ऑपरेशन, उद्या दवाखान्यात जायचं. मी म्हटलं, बरं. आणखी काय म्हणणार? मग कोपऱ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "माझं पिंप सांभाळशील?"

कोंड्याचं पिंप! तांदळाचा कोंडा, मीठ, पाणी. त्यात काकडी-वांगी पुरायची न् दुसऱ्या दिवशी लोणचं काढायचं. गल्लीत दर बाईकडे आहे, एक मी सोडून. पण योनेचं म्हणजे गल्लीचा मान. सासूचं, चाळीस वर्षांचं. युद्धात सगळी वस्ती जळाली तेव्हा आदल्या दिवशी जमिनीत पुरून ठेवलं होतं म्हणून वाचलं— ही गोष्ट तिनं दारावरच्या मासेवाल्यालासुद्धा सांगून झालीय. उन्हाळ्यात ते दिवसातून दोनदा तळापासून हातानं ढवळावं लागतं. दोन दिवस विसरलं तर मेलंच.

"इतक्या बायका आहेत. मीच का?"

"तुझे हात थंड असतात."

"आणि तू परत नाही आलीस तर? ताझुकोला देऊ?" ताझुको म्हणजे तिची मुलगी.

"आधी मला मरू तरी दे," म्हणाली. "मग तुझं तू बघ."

हो म्हणून आले. का म्हटलं, माहीत नाही.

७ जुलै

गेली रिक्षातून. जाताना माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही, पिंपाकडे बघून गेली. सटवी.

भांडण कशावरून, ते एकदा लिहून ठेवते, म्हणजे डोक्यातून जाईल. माझंही पिंप होतं. आईचं. लग्नानंतर तिनं दिलेलं. युद्ध संपल्यावर गावाकडून टोकियोला आले तेव्हा डोंगरातून पाठीवर बांधून आणलं, गाडीत उभ्यानं. नवरा, एइसाकु, गेला, एकोणपन्नासाव्या दिवसाचं कार्य झालं, आणि मी ते नदीत ओतलं. कोणासाठी ढवळायचं? एका माणसाचं लोणचं ते काय! रिकामं पिंप घेऊन येत होते तर ही दारात. कळल्यावर किंचाळली— "जिवंत वस्तू मारलीस! लाज नाही वाटली?" मी म्हटलं, "माझी होती, मी मारली. तुझ्या बापाचं काय गेलं?" तर ही रडायला लागली! माझा नवरा मेला तेव्हा नव्हती रडली इतकी. मला जो संताप आला. तेव्हापासून बंद.

संध्याकाळी हात घातला. कोपरापर्यंत. कोंडा जुना, पण पिंप युद्धानंतर एइसाकुनंच बांधलेलं, काठाखाली त्याची खूण आहे. गल्लीतली सगळी पिंपं त्याचीच, त्यात नवल नाही. पण हात लगेच बाहेर काढवेना.

तळाशी तिरफळं न् पर्सिमन फळाच्या वाळक्या साली लागल्या. हे आमच्या डोंगरात घालतात. टोकियोच्या बाईला कुठून सुचलं? असेल. कुणीतरी सांगितलं असेल.

९ जुलै

ऑपरेशन झालं. ताझुको येऊन सांगून गेली. शुद्धीवर आल्या आल्या पहिला प्रश्न— "ढवळलं का तिनं?"

मुलगी कशी आहे, जावई कसा आहे, काही नाही!

११ जुलै

हे पिंप थांबतच नाही. आज घातलं की उद्या तयार. पुन्हा काही घातलं नाही तर आंबट होतं. एकटीनं किती खाऊ? काल बशी भरून समोरच्या मिचिएला दिली. तिचं बाळ सहा महिन्यांचं, तिला स्वयंपाकाला वेळ कुठला. आज बशी परत आली, त्यात चार उकडलेले बटाटे. रिकामी बशी परत द्यायची नाही हे एवढ्याशा पोरीलाही कळतं. चटईवाल्या तोराकिचीला वांगं दिलं. तो तर तेवढंही शिजवत नाही, बशीत दोन सुके मासे घालून आणले. "वहिनी, तुमच्या हातचं वांगं खाऊन एइसाकुची आठवण आली," म्हणाला. हा न् एइसाकु रोज संध्याकाळी ओट्यावर बुद्धिबळ खेळायचे. मी म्हटलं, माझं नाही ते, योनेचं आहे.

गेली तीन वर्षं रात्री भातावर गरम चहा ओतून खात होते. आज बटाटे, मासा, काकडी. ताट मांडलं चक्क!

१३ जुलै

पितरांचा दिवस. काकडीला चार काड्या खोचून घोडा केला, म्हणजे एइसाकु लवकर येईल. वांग्याची गाय केली, म्हणजे सावकाश जाईल. मिचिए बाळ घेऊन आली न् म्हणाली, "काकू, घोडा लंगडा झालाय." झाला असेल. एइसाकुही लंगडाच होता.

१५ जुलै, रविवार

ताझुको डोळे पुसत आली. आई काही खात नाही. पेज तोंडात धरते न् थुंकते. डॉक्टर म्हणाले, जखम भरतेय, पण अंगात काही गेलं नाही तर कठीण आहे. ज्याची चव लागेल ते द्या.

काकडी काढली, कागदासारखे काप केले, डब्यात भरून दिले. पोर धावतच गेली.

भिंतीपलीकडे काही आवाज नाही. इतकी वर्षं तिच्या खोकल्याला शिव्या घातल्या. आता कान तिकडेच.

१६ जुलै

खाल्लं! एक काप न् त्याबरोबर अर्धी वाटी पेज. ताझुको कामावर जाता जाता सांगून गेली. आता दर रविवारी येईन म्हणाली, डबा चार दिवस पुरतो.

बरं वाटलं. लिहायला काय जातंय, वहीच आहे. फार बरं वाटलं.

१८ जुलै

पलीकडच्या गल्लीत हगवण लागलीय. चौघांना उचलून नेलं. सकाळी पांढऱ्या कोटातली माणसं येऊन संडासावर, गटारावर औषध मारून गेली. पंपाशी एक पत्र्याचं पातेलं टांगलंय, त्यात दुधाळ औषध, फिनेलसारखा वास. येता-जाता हात बुचकळायचे. "वरून पाणी घेऊ नका, हात तसेच वाळू द्या," असं दोनदा बजावलं. बाकीच्या बायका नाकं मुरडतात न् पळतात. मी नाही. माझ्याकडे आजारी माणसाचं अन्न आहे. मी दर वेळी चांगलं मनगटाच्या वरपर्यंत बुचकळते.

२१ जुलै, शनिवार

मेले! मेले! काय करून बसले मी!

दुपारी तोराकिचीला काकडी दिली. उभ्या उभ्या तुकडा तोंडात टाकला न् थू करून रस्त्यावर! "वहिनी, ही काकडी आहे का दवाखाना?" मला वाटलं, चेष्टा करतोय. मी चावली. दवाखानाच!

पिंपात नाक घातलं. फिनेल! तीन दिवस, दिवसातून दोनदा, ते औषधाचे हात मी कोपरापर्यंत आत घालत होते. स्वच्छ हात! गल्लीत माझ्याइतके स्वच्छ हात कुणाचे नव्हते! अख्ख्या वस्तीत एक शहाणी निघाली, तिनं योनेचं चाळीस वर्षांचं पिंप धुऊन टाकलं.

वरचा थर काढून फेकला. मधला काढला. तळाशीही वास. लाकडातही मुरलाय.

उद्या रविवार.

२२ जुलै

खोटं बोलले. ताझुकोला सांगितलं, बाजारात काकडीच चांगली नव्हती, बुधवारी देते. "बुधवारी मला सुट्टी नाही काकू, पुढच्या रविवारीच येईन," म्हणाली. तिचं तोंड एवढंसं झालं. "मग आठवडाभर आई काय खाईल?" मी नजर चुकवून मजुरीवर आलेले चपलांचे पट्टे शिवत राहिले. सुई बोटात गेली. बरी गेली.

२३ जुलै

मिचिएकडे कोंडा आहे, पण तो तिच्या माहेरचा, चिबाहून आईनं दिलेला. चाखला. गोडसर आहे, शहाण्या सुनेसारखा. योने जिभेवर ठेवताच ओळखेल. मरतानासुद्धा ओळखेल ती! मिचिए म्हणाली, "काकू, विरजण मिळालं तर? योनेकाकूंच्याच कोंड्यातलं मूठभर कुणाकडे तरी असेल ना? ताझुकोताईंना लग्नात दिलं असेल की."

मी काल का नाही विचारलं! विचारायचं म्हणजे आधी सांगावं लागलं असतं, म्हणून.

२४ जुलै

कावागुचीला जाऊन आले. ताझुको कारखान्यातून यायची वाट बघत तिच्या दाराशी दोन तास बसले. सगळं सांगितलं. वाटलं होतं, ओरडेल. ती लालच झाली. "काकू, माझं पहिल्याच महिन्यात मेलं. ह्यांना वास आवडत नाही. आम्ही दुकानातून आणतो. आईला सांगू नका हं."

"तू माझं सांगू नकोस."

दोघी एकमेकींसमोर वाकून नमस्कार करत राहिलो. काय तो देखावा!

गाडीत बसायला जागा होती पण उभीच राहिले. त्या बाईनं पोटावरची जखम घेऊन माझ्या हातात एक वस्तू दिली. एक! आणि ती मला म्हणाली होती, जिवंत वस्तू मारलीस. आता दुसऱ्यांदा मारली. तिनं पुन्हा तेच वाक्य म्हटलं तर मी काय उत्तर देणार?

२५ जुलै

तोराकिची पंपाशी घुटमळत होता. "वहिनी, जरा दुकानात या. एकट्या या." मला वाटलं, ह्याचं डोकं फिरलं. गेले. दार लावलं, गवताच्या पेंढ्या बाजूला केल्या, आतून एक मडकं काढलं. झाकण उघडलं—

योनेचा वास!

"नवीन वर्षाला तिनं लोणचं दिलं, त्याला लागलेला मूठभर कोंडा मी ठेवून घेतला," म्हणाला. मान खाली. "मला सवय लागली. सकाळी ढवळलं की जरा घरात कुणीतरी असल्यासारखं वाटतं. पण पुरुष माणूस, साठीचा, लोणचं घालतो— कुणाला कळलं तर लोक हसतील."

"आणि हे तुम्ही मला शनिवारी नाही सांगितलंत?"

"लाज वाटली."

"पाच दिवस! ती तिकडे उपाशी, मी कावागुचीच्या वाऱ्या करतेय, आणि तुम्हाला लाज वाटते!" इतकं बोलले की तो भिंतीला टेकला. मग माझ्याच डोळ्यांना पाणी आलं, म्हणून घरी आले. निम्मं मडकं ओंजळीत घेऊन आले. नाही, वाडग्यात. त्याचाच वाडगा.

हात साध्या पाण्यानं तीनदा धुतले आधी.

२६ जुलै

विरजण मिळालं, पण घालू कशात? पिंपाच्या लाकडात वास. उकळतं पाणी ओतलं, उन्हात ठेवलं, जात नाही. शेवटी माळ्यावरून एइसाकुचा वाकडा रंधा काढला. तीन वर्षं फडक्यात गुंडाळलेला. पातं गंजलेलं. तोराकिचीनं धार लावून दिली. "मी करू का?" म्हणाला. नको म्हटलं.

दिवसभर पिंप मांडीत धरून आतून तासत बसले. एइसाकु करायचा तेव्हा कसं सोपं वाटायचं! त्याला सांगायचे, "किती वेळ लावता, एक पिंप ते." आता कळलं किती वेळ लागतो. हाताला फोड आले, आतली बाजू उंदरानं कुरतडल्यासारखी दिसते. पण वास गेला. लाकडाचा वास आला, त्याच्या कपड्यांना यायचा तो.

वाटलं, थांबावंच नाही.

२९ जुलै, रविवार

तोराकिचीच्या मडक्यातली काकडी ताझुकोला दिली. ती माझ्याकडे बघते, मी तिच्याकडे.

इकडे मोठ्या पिंपात नवा कोंडा भाजून घातला, मीठ, विरजण, तिरफळं. पर्सिमनच्या साली गावाहून मागवाव्या लागतील. भावाला पत्र टाकलं. चार वर्षांत पहिलं.

३० जुलै

योने जेवली. दोन वाट्या. "मीठ जास्त झालंय, तिला सांग," असा निरोप.

तोराकिचीला कळवला. "मी काय मीठ जास्त घालतो?" म्हणून रुसला.

८ ऑगस्ट

पिंप लागलं! आज पहिल्यांदा खरा आंबट वास आला. मिचिएला, तोराकिचीला, पलीकडच्या न्हाव्याच्या बायकोला बश्या. परत काय काय आलं— कांदे, आगपेटी, बाळाच्या बारशाचे लाल मणी! मणी का, विचारलं तर घरात दुसरं काहीच नव्हतं, मिचिए म्हणाली.

१८ ऑगस्ट

योने घरी आली. निम्मी झालीय. दारातून आत येऊन उंबऱ्यावरच बसली न् म्हणाली, "आण." चहा नाही, पाणी नाही— आण! मी वांगं काढलं, धुतलं, चिरलं. तिनं तुकडा तोंडात टाकला, डोळे मिटले, चावत राहिली. कितीतरी वेळ.

"छान ठेवलंस," म्हणाली.

झालं की! सुटले! मग घास का गेला नाही संध्याकाळी? भिंतीपलीकडे ती खोकत होती. मला शिवी द्यावीशी वाटली नाही.

१९ ऑगस्ट

सांगून टाकलं. नाही राहवलं. सकाळी तिच्यासमोर गुडघ्यावर बसले, कपाळ चटईला टेकवलं, फिनेलपासून रंध्यापर्यंत सगळं. फक्त ताझुकोचं सांगितलं नाही. "चाळीस वर्षांचं तुझ्या सासूचं पिंप मी मारलं. आता जे आहे ते तोराकिचीकडचं मूठभर विरजण. तेवढंच वाचलं. बोल काय बोलायचं ते."

आधी हसली! पोटाचे टाके धरून हसली. "स्वच्छ हात! अगं बाई, मरेन मी! तोराकिची लोणचं घालतो!" मग एकदम थांबली. मला वाटलं, आता येतंय ते वाक्य. पण ती भिंतीकडे बघत बसली. म्हणाली, "आज जा तू. उद्या ये."

२० ऑगस्ट

पुरलेलं पिंप उकरलं तेव्हा आतला कोंडा जळून कोळसा झाला होता, असं म्हणाली योने. सासू अंथरुणावर, रोज तेच मागायची. पुढच्या वर्षी मी आले, डोंगरातून, पिंप पाठीवर घेऊन. मी पंपावर गेले असताना हिनं माझ्या पिंपातलं ओंजळभर चोरलं. सासूनं खाल्लं, "हीच माझी चव," म्हणाली आणि समाधानानं गेली. मग सांगायचं राहिलं ते राहिलंच. "तू नदीत ओतून आलीस त्या दिवशीच सांगायला हवं होतं. रडायलाच आलं मला. मरायच्या आधी परत द्यायचं होतं. 'परत घे' म्हणता येईना, म्हणून 'सांभाळ' म्हटलं."

आईचं! दीड महिना मी आईच्या कोंड्यात हात घालत होते!

दोघी रडलो. फळीच्या पलीकडे कुणी नाही ऐकायला, ते एक बरं. मग पिंप उचलून माझ्या घरी आणलं, एइसाकुच्या खुणेची बाजू पुढे करून ठेवलं. दारात येऊन म्हणते, "मग मी काय खाऊ?"

"रोज बशी घेऊन ये," म्हटलं. "आणि परत देताना रिकामी आणलीस तर बघ!"